सातबारा लिहिला की एक्सेल डिसेंबर काढतो : प्रयोगशाळेतला कम्प्युटर कसा हाताळावा

अक्षय्य तृतीया ते मृग ही आमच्या माती-पाणी तपासणी प्रयोगशाळेची लग्नसराई. रबी निघालेली असते, रान मोकळं असतं आणि परभणी जिल्ह्याच्या चारी वाटांनी शेतकरी मातीच्या पिशव्या घेऊन येतात. कुणाची बियाण्याची पिशवी, कुणाची मिठाची, एकदा तर साड्यांच्या दुकानाची, वर 'शुभविवाह' छापलेली. मी इथे २००३ पासून प्रयोगशाळा सहाय्यक आहे. तेव्हा सगळं वहीत आणि कॅल्क्युलेटरवर चालायचं. कम्प्युटर मंजूर झाला तो आधी ऑफिसात राहिला, दोन वर्षांनी आमच्याकडे आला. येताना त्याच्या कीबोर्डवरची चार बटणं नव्हती.

दरवर्षी नवी लेकरं येतात. बीएस्सी झालेली, मोबाईल डोळे मिटून चालवणारी. त्यांना कम्प्युटर येतो, पण प्रयोगशाळेतला कम्प्युटर येत नाही. तो वेगळा असतो. त्याच्यातल्या प्रत्येक आकड्यामागे कुठल्या तरी रानातली एक पिशवी असते आणि आकड्यावरून पिशवीपर्यंत उलट चालत जाता आलं पाहिजे. पुढचं सगळं त्यासाठीच सांगते आहे.

जागा आणि वीज

आम्लं हाताळता त्या खोलीत कम्प्युटर ठेवू नका. आमचा पहिला फ्युम हूडच्या, म्हणजे आम्लाच्या वाफा ओढून घेणाऱ्या कपाटाच्या, शेजारी होता. दीड वर्षात मागच्या पोर्टांवर हिरवट थर चढला आणि माऊस धरला की सुटायचा. माती कुटणं आणि दोन मिलिमीटरच्या चाळणीतून चाळणं हेही दुसऱ्या खोलीत. ती बारीक काळी धूळ पंख्यात बसली की यंत्र तापतं, आणि आपल्याकडे एप्रिलमध्ये खोलीच चाळिशीच्या पुढे असते. हातमोजा घालून कीबोर्डला हात लावायचा नाही. हा नियम मी पाटीवर लिहून लावला आहे, आणि तो सर्वांत जास्त प्राध्यापकच मोडतात.

यूपीएसवर कम्प्युटर आणि स्पेक्ट्रोफोटोमीटर (द्रावाचा रंग किती गडद आहे ते प्रकाशाने मोजणारं यंत्र, आमच्या बोलण्यात स्पेक्ट्रो) एवढंच. ओव्हन, हॉट प्लेट भिंतीवरच्या सॉकेटवर. यूपीएस काम करायला दिलेला नाही, फाईल सेव्ह करून यंत्र नीट बंद करायला दिलेला आहे. लाईट गेली की आधी सेव्ह, मग चहा.

उन्हाळ्यात स्पेक्ट्रोचं रीडिंग थरथरायला लागलं तर लगेच कंपनीच्या माणसाला फोन करू नका. आधी इलेक्ट्रिशियनकडून न्यूट्रल आणि अर्थ यांच्यातला व्होल्टेज मोजून घ्या. दोन-तीन व्होल्टच्या आत हवा. आपली जमीन मे महिन्यात भेगाळते, अर्थिंगचा खड्डा कोरडा पडतो आणि अर्थ नावापुरता उरतो. आमच्याकडचे मदतनीस मामा होळीपासून पहिल्या पावसापर्यंत दर शनिवारी खड्ड्यात दोन बादल्या पाणी ओततात. २०१६ साली लातूरला रेल्वेनं पाणी आणावं लागलं त्या उन्हाळ्यात आमचीही पंचाईत होती. तेव्हा डिस्टिलेशन प्लांट थंड करून बाहेर पडणारं पाणी पिंपात साठवून तेच खड्ड्यात घातलं.

घड्याळ

ज्या कम्प्युटरला इंटरनेट नाही त्याचं घड्याळ कुणीच दुरुस्त करत नाही. मदरबोर्डवर सीआर २०३२ नावाची तीन व्होल्टची बटण-बॅटरी असते. ती संपली की लाईट गेल्यावर तारीख कित्येक वर्षं मागे जाते आणि आजची फाईल यादीत तळाला जाऊन बसते. दर सोमवारी मोबाईलशी घड्याळ जुळवा. बॅटरी घड्याळाच्या दुकानात मिळते, स्वस्तात मिळते, आधीच एक आणून ठेवा.

एवढ्याशा वेळेनं काय होतं, असं एका पोरानं विचारलं. त्याचं गाव औंढा नागनाथच्या बाजूचं, म्हणून त्याला त्याच्याच शिवारातलं उदाहरण दिलं. औंढ्याजवळ लायगो-इंडियाची, गुरुत्वीय लहरी पकडणारी वेधशाळा व्हायची आहे, चार-चार किलोमीटरच्या दोन भुजांची. २०२३ च्या एप्रिलमध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने तिला मंजुरी दिली. तिच्या अमेरिकेतल्या दोन थोरल्या बहिणींनी १४ सप्टेंबर २०१५ ला पहिली गुरुत्वीय लहर पकडली. तेव्हा एका ठिकाणी ती दुसऱ्यापेक्षा सुमारे सात मिलिसेकंद उशिरा पोहोचली होती, आणि लहर आकाशाच्या कुठल्या बाजूने आली याचा अंदाज त्या सात मिलिसेकंदांवरून बांधला गेला. आपल्याला मिलिसेकंद नको, पण निदान साल तरी बरोबर हवं.

यंत्राची वायर

जुन्या स्पेक्ट्रोला, पीएच मीटरला मागे नऊ पिनांचं पोर्ट असतं, आरएस-२३२. नव्या कम्प्युटरला ते नसतं, म्हणून यूएसबी टू सिरियल कन्व्हर्टर लागतो. जोडल्यावर डिव्हाइस मॅनेजर उघडा आणि कॉम पोर्टचा नंबर बघा, तीन आहे की पाच. तोच नंबर यंत्राच्या सॉफ्टवेअरमध्ये टाका. बॉड रेट, म्हणजे माहिती पाठवण्याचा वेग, दोन्हीकडे एकच हवा. बरीच यंत्रं ९६०० वर असतात, पण पुस्तिकेत बघून टाका. आकड्यांऐवजी चित्रविचित्र अक्षरं आली तर समजायचं, वायर ठीक आहे, वेग चुकला आहे. काहीच आलं नाही तर वायर किंवा पोर्ट नंबर चुकला.

यातली खोड अशी की कन्व्हर्टर शेजारच्या यूएसबी छिद्रात घातला तर नंबर बदलू शकतो. काल चालत होतं, आज काहून चालंना, म्हणून पोरं डोकं धरून बसतात. मी त्या छिद्राच्या वर माझ्या पाकिटातली एक लाल टिकली चिकटवली आहे आणि कन्व्हर्टरवर दुसरी. टिकलीला टिकली. पाच वर्षं झाली, पोर्ट हरवला नाही.

काही जुन्या यंत्रांचं सॉफ्टवेअर विंडोज एक्सपीवरच चालतं. एक्सपीची देखभाल ८ एप्रिल २०१४ ला थांबली, तेव्हापासून नव्या व्हायरसपुढे ते यंत्र उघडंच आहे. चालू द्या त्याला, पण इंटरनेट लावू नका, आणि त्याच्यासाठी एकच पेनड्राइव्ह ठेवा, जो दुसऱ्या कशालाच लागणार नाही. आमच्या पेनड्राइव्हला लाल दोरा बांधला आहे. झेरॉक्सच्या दुकानात तो जात नाही.

आधी वही, मग शीट

पिशवी आली की पहिला आकडा पेनाने वहीत. पेन्सिल नाही, सुटा कागद नाही. पिशवीला क्रमांक, शेतकऱ्याचं नाव, गाव, गट नंबर, तारीख. पिशवीच्या आत चिठ्ठी, पिशवीवर मार्कर. चुकलं तर एक रेघ मारून शेजारी बरोबर लिहायचं आणि सही करायची. व्हाइटनर प्रयोगशाळेत असूच नये.

मग शीट. इथे सर्वांत जास्त घोटाळे होतात, म्हणून जरा सावकाश.

गट नंबर कसे असतात ते तुम्हाला माहीत आहे. ७/१२, ३/७, ११२/१. एक्सेलमध्ये नुसतं ७/१२ टाईप करून एंटर मारा. त्याला सातबारा ठाऊक नाही. तो ७ डिसेंबर करतो. कम्प्युटरची सेटिंग अमेरिकन असेल तर १२ जुलै. घाबरून तुम्ही त्या खान्याचा प्रकार बदलून 'टेक्स्ट' करता, तर तिथे ४५,२६७ असला पाच आकडी ऐवज येतो, कारण एक्सेल तारीख आतून दिवसांच्या मोजणीत ठेवतो. मूळ सातबारा गेला तो गेला. ११२/१ मात्र तसाच राहतो, म्हणून चूक लगेच दिसतही नाही. शंभरातले दहा-बारा गट नंबर गुपचूप तारखा होतात.

उपाय टाईप करण्याआधी करायचा असतो. रकाना पूर्ण निवडा, फॉरमॅट सेल्समध्ये जाऊन 'टेक्स्ट' करा, मग लिहा. एखादाच लिहायचा असेल तर आधी वरचं एकेरी अवतरणचिन्ह, मग ७/१२. हा रोग आपल्या सातबाऱ्यापुरता नाही. माणसाच्या जनुकांची 'मार्च-१', 'सेप्ट-२' अशी नावं होती. जगभरच्या शास्त्रज्ञांच्या शीटमध्ये त्यांच्या तारखा झाल्या आणि तशाच छापूनही आल्या. शेवटी २०२० साली नावं ठरवणाऱ्या समितीने जनुकांचीच नावं बदलली. आपल्याला गट नंबर बदलून मिळणार नाहीत, तेव्हा रकाना टेक्स्ट करा.

एका ओळीत एकच नमुना. एका खान्यात एकच गोष्ट. एकक वर मथळ्यात, आकड्याजवळ नाही. ईसी म्हणजे मातीची विद्युत वाहकता, तिच्यासाठी 'ईसी (डेसीसायमन प्रति मीटर)' असं वर लिहा आणि खाली नुसतं ०.४२. खान्यात '०.४२ डीएस' लिहिलंत की तो आकडा राहत नाही, शब्द होतो, आणि सरासरी काढताना कम्प्युटर त्याला सोडून पुढे जातो, तक्रारही करत नाही. खाने जोडून मोठे करू नका. पिवळा रंग म्हणजे परत तपासायचा, हिरवा म्हणजे झाला, अशी रंगांची भाषा करू नका. त्यासाठी 'शेरा' नावाचा रकाना करा. मोजलंच नाही तर खाना रिकामा, शून्य नाही. शून्य म्हणजे मोजलं आणि निघालं नाही.

आता माझी चूक सांगते. मे महिना होता, दुपारचे तीन, ४६ नमुन्यांचे पीएच भरून झाले होते. सर्वांत कमी आणि सर्वांत जास्त किती ते बघावं म्हणून मी पीएचचा रकाना निवडला आणि चढत्या क्रमाने लावला. एक्सेलने विचारलं, शेजारचे रकानेही सोबत घेऊ का, की निवडलाय तेवढाच हलवू? मी न वाचता दुसऱ्यावर दाबलं. पीएच हलले, नावं जागेवर राहिली. ४६ शेतकऱ्यांचे पीएच एकमेकांच्या नावावर चढले. मी सेव्ह केलं आणि शेतकऱ्यांना द्यायच्या माती तपासणीच्या पत्रिका छापल्या.

चार दिवसांनी सेलूकडचे एक नाना पत्रिका घेऊन परत आले. म्हणाले, "मॅडम, हे माझ्या रानाचं हाय का दुसऱ्या कुणाचं? तुमीच त्या दिशी माझ्या मातीवर औषध टाकलं तं फेस आला. चुनखड हाय म्हणलाव. अन् इथं ६.९?"

बरोबर होतं नानांचं. आम्ल टाकल्यावर फेस येतो म्हणजे मातीत मोकळी चुनखडी आहे, आणि अशा मातीचा पीएच सहसा साडेसातच्या खाली येत नाही. आमची काळी बेसाल्टची माती आठच्या आसपास घुटमळते. वही काढली. नानांच्या नावापुढे माझ्याच अक्षरात ८.२ होतं. मग सगळ्या ४६ ओळी वहीशी ताडल्या, ४३ चुकलेल्या निघाल्या. तीन जण योगायोगाने आपल्या जागी होते. दोन दिवस फोन करून पत्रिका परत मागवल्या. वही नसती तर त्या ४६ पिशव्या पुन्हा कुटाव्या लागल्या असत्या, आणि नाना आले नसते तर त्या कुटायच्या आहेत हेही कळलं नसतं.

तेव्हापासून आमच्याकडे तीन गोष्टी आहेत. क्रम लावायचा तर पूर्ण तक्ता निवडून किंवा फिल्टर लावून, एकटा रकाना कधीच नाही. किमान-कमाल बघायचं असेल तर त्यासाठी मिन आणि मॅक्स ही सूत्रं आहेत, क्रम लावायची गरजच नाही. आणि छापण्याआधी दर दहा ओळींमागे एक ओळ दुसऱ्या माणसाने वहीशी ताडायची. ज्याने भरलं त्याने नाही. आपली चूक आपल्याच डोळ्याला बरोबर दिसते.

कॅलिब्रेशनची रेघ

आपल्या मातीतला स्फुरद ऑल्सेन पद्धतीने काढतात. ८.५ पीएचच्या सोडियम बायकार्बोनेटने मातीतून स्फुरद काढायचा, निळा रंग आणायचा आणि ८८२ नॅनोमीटरला ॲब्सॉर्बन्स, म्हणजे द्रावाने किती प्रकाश शोषला ते, वाचायचा. स्फुरद किती ते माहीत असलेले द्राव आधी वाचतो, मग अनोळखी नमुने. एका दिवसाची माझी रीडिंग अशी होती: ०, ०.२, ०.४, ०.६, ०.८ आणि १.० पीपीएमला (दशलक्षात इतके भाग) अनुक्रमे ०.००२, ०.१२५, ०.२५१, ०.३७२, ०.४९८, ०.६१९.

पोरं काय करतात, ग्राफ काढतात, रेघ ओढतात, रेघेचं समीकरण ग्राफवर दाखवतात आणि तिथून आकडे बघून हाताने सूत्रात लिहितात. ग्राफवर दिसतात ते गोळा केलेले आकडे. कधीकधी नुसतं ०.६ दिसतं. ग्राफ डोळ्यांसाठी आहे, हिशेबासाठी 'स्लोप' (रेघेचा चढ) आणि 'इंटरसेप्ट' (शून्य पीपीएमला रेघ जिथे असते तो आकडा) ही सूत्रं शीटमध्येच दोन खान्यांत लावा. वरच्या आकड्यांचा स्लोप येतो ०.६१७९, इंटरसेप्ट ०.००२२. नमुन्याचा ॲब्सॉर्बन्स ०.०४८ असेल तर त्यातून ०.००२२ वजा करून ०.६१७९ ने भागा: ०.०७४ पीपीएम. हा झाला द्रावातला. अडीच ग्रॅम माती, ५० मिलि द्राव, त्यातले ५ मिलि घेऊन २५ केले, म्हणून गुणिले १००, म्हणजे किलोमागे ७.४ मिलिग्रॅम. हेक्टरी करायला आणखी गुणिले २.२४. उत्तर हेक्टरी १६.६ किलो. पहिला नमुना मी नेहमी कॅल्क्युलेटरवर करते आणि शीटच्या उत्तराशी लावते. जुळलं तर खाली ओढते.

खाली ओढताना स्लोपच्या खान्याला डॉलरची चिन्हं लावली का ते बघा. नाही लावली तर दुसऱ्या ओळीचं सूत्र स्लोपऐवजी त्याच्या खालचा खाना उचलतं. खालचा खाना रिकामा असेल तर भागाकाराची चूक दिसते, ते बरं. तिथे दुसरा कुठला आकडा असेल तर गोड चेहऱ्याने चुकीचं उत्तर येतं.

आणखी एक फसवणूक म्हणजे आर-स्क्वेअर. ०.९९९९ आला की पोरं खूश. पण आर-स्क्वेअर फक्त ठिपके सरळ रेषेत आहेत एवढंच सांगतो. ज्यातून हे माहीत असलेले द्राव बनवतो तो मूळ स्टॉक द्रावच अर्ध्या ताकदीचा बनला असेल तर सगळे ठिपके सारखेच खाली येतात, रेघ तितकीच सरळ राहते, आर-स्क्वेअर तितकाच सुंदर. आणि जिल्ह्यातल्या सगळ्या रानांत एका दिवसात दुप्पट स्फुरद निघतो. हे पकडायला दोन गोष्टी लागतात. एक, रोजचा स्लोप एका वेगळ्या शीटमध्ये तारखेसह लिहा. महिनाभर ०.६१-०.६२ असलेला स्लोप आज ०.३१ झाला तर नमुने थांबवा, आधी स्टॉकची बाटली ओतून द्या. दोन, चेक नमुना. आम्ही एकाच रानातली दहा किलो माती चाळून, नीट मिसळून स्टीलच्या डब्यात ठेवली आहे. रोजच्या नमुन्यांत ती एक पिशवी असतेच. तिचा स्फुरद आम्हाला पाठ आहे. तो हलला तर त्या दिवसाच्या पत्रिका बाहेर जात नाहीत.

नमुन्याचं रीडिंग शेवटच्या ठिपक्याच्या वर गेलं तर रेघ पुढे वाढवू नका. कम्प्युटर वाढवून देतो, त्याचं काय जातं. द्राव पातळ करा, पुन्हा वाचा.

दशांशांनाही असंच फसू नका. सेंद्रिय कर्ब काढताना कोऱ्या, म्हणजे माती न घातलेल्या, नमुन्याला ब्युरेटमधला (थेंबाथेंबाने द्राव सोडायची खुणांची नळी) द्राव २०.२ मिलि लागला, मातीच्या नमुन्याला १६.७. फरक भागिले २०.२ गुणिले ३. शीट म्हणतं ०.५१९८०२. एका पोरीनं ते तसंच पत्रिकेवर छापलं होतं. तिला ब्युरेटपाशी नेलं आणि एक थेंब सोडायला लावला. साधारण ०.०५ मिलि. त्या एका थेंबाने उत्तर ०.००७ ने हलतं. मग तिसरा दशांशच थेंबाच्या मर्जीवर आहे, पुढचे तीन कुणाचे? पत्रिकेवर ०.५२ लिहायचं.

मूळ फाईल

यंत्रातून आलेली फाईल मूर्ती समजा, तिला हात लावायचा नाही. सेव्ह केल्याबरोबर प्रॉपर्टीजमध्ये जाऊन 'रीड ओन्ली' करा, प्रत काढा, हिशेब प्रतीवर. फाईलचं नाव आधी साल, मग महिना, मग दिवस: २०२४-०५-१४-स्फुरद-पिशवी-१०१-ते-१४६. अशाने यादी आपोआप तारखेने लागते. 'फायनल', 'नवीन फायनल', 'फायनल सरांनी बघितलेली' अशी नावं मी पाहिली आहेत, आणि त्यातली खरी कुठली ते सरांनाही माहीत नव्हतं.

सोबत एक प्रत सीएसव्हीमध्ये, म्हणजे स्वल्पविरामांनी रकाने वेगळे केलेल्या साध्या मजकुरात, ठेवा, ती कुठल्याही कम्प्युटरवर उघडते. गावांची नावं मराठीत असतील तर सेव्ह करताना यूटीएफ-८ (मराठी अक्षरं नीट साठवणारा प्रकार) निवडा, नाहीतर जिंतूरच्या जागी प्रश्नचिन्हं येतात. आमची जुनी गावयादी एका जुन्या फॉन्टमध्ये आहे, युनिकोडच्या आधीची. तो फॉन्ट असलेला कम्प्युटर मेला आणि यादी आता कोंबडीच्या पायांसारखी दिसते. वहीतली यादी अजून वाचता येते.

एक्सेल विकत घ्यायला पैसे नसतील तर लिब्रेऑफिस कॅल्क फुकट आहे, इथलं जवळपास सगळं काम त्यात होतं. आयआयटी मुंबईच्या स्पोकन ट्युटोरियल प्रकल्पात त्याचे धडे मराठीत आहेत. रात्री घरी बसून बघा.

पोरांचे सेन्सर

हल्ली प्रकल्पाला पोरं अर्डुइनो, म्हणजे सेन्सर जोडायचा छोटा इलेक्ट्रॉनिक बोर्ड, आणतात आणि मातीचं तापमान नोंदवतात. डीएस१८बी२० हा सेन्सर बरा, स्वस्त, पाणी लागू न देणारा मिळतो. डेटाची वायर आणि वीजपुरवठ्याची वायर यांच्यामध्ये ४.७ किलोओहमचा रेझिस्टर लावा, तो विसरला की सेन्सर मुका.

गेल्या एप्रिलमध्ये एका गटाने तुरीच्या रानातला ग्राफ आणला. ४१, ४२, ४१, ८५, ४२. मी म्हटलं, एका मिनिटात रानाला वणवा लागून विझला का? या सेन्सरला वीज मिळाल्यावर पहिलं मोजमाप व्हायच्या आत वाचलं तर तो ८५ देतो. वायर निघाली तर नेहमीची लायब्ररी उणे १२७ देते. दोन्ही तापमानं नाहीत, निरोप आहेत. मूळ फाईलमध्ये राहू द्या, हिशेबाच्या प्रतीत तो खाना रिकामा करा आणि शेऱ्यात कारण लिहा. त्या पोरांनी उणे १२७ सकट सरासरी काढली होती आणि परभणीत एप्रिल महिन्यात मातीचं तापमान सतरा अंश दाखवलं होतं.

दर दहा सेकंदांनी नोंद केली तर दिवसाला ८,६४० ओळी होतात. जुन्या एक्सएलएस फाईलमध्ये ६५,५३६ ओळीच मावतात, म्हणजे आठव्या दिवशी जागा संपते. हसू नका, २०२० साली इंग्लंडमध्ये याच मर्यादेमुळे कोविडच्या १५,८४१ रुग्णांच्या नोंदी वेळेवर पुढे गेल्या नव्हत्या. तसंही मातीला दर दहा सेकंदांनी काय विचारायचं? दहा मिनिटांनी विचारा.

संध्याकाळी

साडेपाचला आमचा क्रम ठरलेला आहे. स्पेक्ट्रोचा दिवा बंद. आजची फाईल बाहेरच्या हार्डडिस्कवर. ती हार्डडिस्क दुसऱ्या इमारतीतल्या ग्रंथालयाच्या कपाटात राहते, कारण चोर कम्प्युटर नेतो तेव्हा शेजारची हार्डडिस्कही नेतो. तिसरी प्रत इंटरनेटवर, ऑफिसातल्या कम्प्युटरवरून. महिन्यातून एकदा त्या प्रतीतली एखादी फाईल उघडून बघायची. चार महिने आम्ही इमानदारीने रिकामा फोल्डर कॉपी करत होतो, हे असं उघडल्यावरच कळलं.

मग यंत्र बंद करून कव्हर. लगेच नाही, दहा मिनिटांनी. मामांना घरी जायची घाई असते, एस्टी सहाची, म्हणून कव्हर मी घालते.